अर्जाची पोच तेवढी द्या : गृहमंत्र्यांना खुले पत्र

प्रति,
मा. गृहमंत्री, महाराष्ट्र राज्य
मंत्रालय, मुंबई

महोदय,
सप्रेम नमस्कार.

तक्रार घेऊन ठाण्यात गेलेल्या माणसाला काय ऐकायला मिळते, ते आपल्याला नवे नसेल. 'हद्द आमची नाही', 'साहेब बंदोबस्ताला गेलेत', 'अर्ज ठेवून जा, बघतो'. चोरीचा मोबाईल 'गहाळ' होतो, मारहाणीची एनसी, म्हणजे अदखलपात्र गुन्ह्याची नुसती नोंद, होते. एनसी एकदा लिहिली की मॅजिस्ट्रेटच्या आदेशाशिवाय तपास नाही; ठाण्याच्या डोक्याचा ताप गेला.

यातल्या बहुतेक सबबी कायद्याला मान्य नाहीत. खबरीतून दखलपात्र गुन्हा दिसत असेल तर एफआयआर नोंदवलाच पाहिजे, असे सर्वोच्च न्यायालयाच्या घटनापीठाने ललिता कुमारी खटल्यात २०१३ सालीच सांगितले. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १७३ नुसार तर हद्द कुठलीही असो, खबर घ्यावीच लागते. तीन वर्षे किंवा अधिक, पण सात वर्षांहून कमी शिक्षेच्या गुन्ह्यांत प्राथमिक चौकशीची मुभा आहे, पण ती उपअधीक्षकांच्या परवानगीने आणि १४ दिवसांत. 'अर्ज चौकशीवर आहे' हे उत्तर महिनोन्‌महिने कशाच्या आधारावर मिळते, हे आपणच विचारून पाहावे.

एफआयआर झालाच नाही तर पुढची वाटही कायद्यात आहे. कलम १७३(४) प्रमाणे तक्रारीचा मजकूर लेखी स्वरूपात, टपालाने पोलीस अधीक्षकांकडे पाठवायचा. तिथेही दाद लागली नाही तर शपथपत्रासह मॅजिस्ट्रेटकडे अर्ज करायचा. कलम १७५(३) खाली ते तपासाचा आदेश देऊ शकतात. थेट उच्च न्यायालयात न जाता आधी हाच मार्ग धरावा, असे सर्वोच्च न्यायालयाच्या साकिरी वासू निकालात २००७ साली सांगितलेले आहे. कलम २२३ खाली थेट मॅजिस्ट्रेटकडे करायची खासगी फिर्यादही आहे, पण तिथे साक्षी-पुरावे जमवण्याचे ओझे फिर्यादीच्याच खांद्यावर पडते. ज्याच्याकडे वकिलाला द्यायला पैसे नाहीत, त्याने काय करायचे?

या वाटेची पहिलीच पायरी निसरडी आहे. आपण ठाण्यात गेलो होतो, हे माणसाने मॅजिस्ट्रेटसमोर दाखवायचे कसे? एफआयआरची प्रत मोफत मिळते, पण एफआयआर नाकारला तर हातात काहीच उरत नाही. अर्जावर आवक शिक्का मागितला की अंमलदाराचा आवाज चढतो. १७५(३) खाली आदेश देण्यापूर्वी मॅजिस्ट्रेट पोलिसांचे म्हणणेही विचारात घेतात. 'असे कोणी आलेच नव्हते' असे ठाण्याने लिहून दिले, की तक्रारदाराकडे उरते ती अधीक्षकांना पाठवलेल्या स्पीड पोस्टची पावती. (ती जपून ठेवावी, एवढे वाचकांनाही सांगतो.)

म्हणून मागणी अगदी साधी आहे. ठाण्यात आलेल्या प्रत्येक अर्जाला तारीख, वेळ आणि आवक क्रमांकासह पोच मिळावी. गुन्हा नोंदवायचा नसेल तर कारण लेखी द्यावे, खाली अधिकाऱ्याचे नाव आणि सही असावी. यासाठी विधिमंडळात विधेयक आणायला नको. महासंचालकांचे परिपत्रक पुरेल. बलात्कार, ॲसिडहल्ला अशा ठरावीक गुन्ह्यांची खबर न नोंदवणाऱ्या लोकसेवकाला भारतीय न्याय संहितेच्या कलम १९९ मध्ये सहा महिने ते दोन वर्षे सक्तमजुरी आहे. पण ती खबर दिली गेली होती, हे सिद्ध करायलाही कागदच लागतो.

आणखी एक. अधीक्षक कार्यालयात पोहोचलेला १७३(४) चा अर्ज बहुतेकदा 'योग्य त्या कार्यवाहीसाठी' असा शेरा मारून त्याच ठाण्याकडे परत जातो. ज्याच्याविरुद्ध गाऱ्हाणे त्याच्याच टेबलावर ते ठेवणे आपण थांबवावे, आणि या अर्जांना किती दिवसांत उत्तर द्यायचे याची मुदत ठरवून द्यावी.

आपला,
एक नागरिक