अग्यारीचा दरवाजा आहे तसाच राहू द्या

मा. संपादक,
स. न. वि. वि.

फोर्टातल्या हेरिटेज वॉकमध्ये अग्यारीच्या, म्हणजे पारश्यांच्या अग्निमंदिराच्या, पायरीवरच अडवले गेल्याबद्दल एका वाचकाने लिहिलेले तक्रारवजा पत्र आपल्या अंकात वाचले. पैसे भरून गेलो, इमारत वारसा यादीत आहे, मग आत का सोडत नाहीत, असा त्यांचा सवाल. वर्षातून निदान एक दिवस सगळ्या अग्याऱ्या सगळ्यांना खुल्या करायला सरकारने भाग पाडावे, ही मागणी. हिरमोड झाला असेल, हे मान्य. मागणी मात्र मुळीच पटली नाही. अग्यारीत पारश्यांखेरीज कुणाला प्रवेश नसतो, आणि मी पारशी नाही. फणसवाडीत वाढलेला गिरगावकर आहे, म्हणजे मीसुद्धा बाहेरच उभा राहणारा. पण बाहेर उभे राहूनही बरेच कळते.

आतश बेहराम, म्हणजे सर्वांत वरच्या दर्जाचा अग्नी जिथे प्रतिष्ठापित आहे अशी स्थाने, साऱ्या जगात मिळून नऊ आहेत. एक इराणमध्ये याझ्दला, बाकी आठ भारतात. उदवाड्याला एक, नवसारीला एक, सुरतेत दोन आणि मुंबईत चार. ही चारही आमच्या भागात आहेत: फणसवाडीतले दादीशेठ (१७८३), प्रिन्सेस स्ट्रीटचे वाडिया (१८३०), चर्नी रोडचे बनाजी (१८४५) आणि धोबीतलावचे अंजुमन (१८९७). सकाळचा चहा घेऊन निघालात तर चारही दारांवरून फिरून जेवायला घरी याल. गिरगावच्या शोभायात्रेवर, चाळींवर, खाणावळींवर आम्ही भरभरून बोलतो. याबद्दल मात्र आमच्यापैकी किती जणांना ठाऊक आहे, देव जाणे.

हा अग्नी काडी ओढून पेटवलेला नसतो. तो सोळा ठिकाणांहून गोळा करतात. कुंभाराची भट्टी, सोनाराची शेगडी, लोहाराचा भाता, रंगाऱ्याची चूल, भटारखाना, टांकसाळ... आकाशातून पडलेल्या विजेने पेटलेला अग्नीही लागतो, आणि चितेचाही. प्रत्येकाची शुद्धी वेगळी करायची. भोके पाडलेल्या पळीत चंदनाचा भुगा घेऊन ती ज्वाळेच्या वर धरतात. पळी ज्वाळेला टेकू द्यायची नाही; नुसत्या आचेने भुगा पेटला पाहिजे. तो पेटला की त्याच्यावर पुन्हा नवी पळी. चितेच्या अग्नीच्या बाबतीत हे ९१ वेळा करावे लागते. मग सोळाही अग्नी एकत्र आणून त्यांची प्रतिष्ठापना. पारशी परंपरेने आपल्या मृतांना अग्नी देत नाहीत, म्हणजे तो चितेचा अग्नी दुसऱ्या कुणाच्या तरी स्मशानातूनच येणार. ज्याच्यापाशी तुम्हा-आम्हाला जाता येत नाही त्या अग्नीत आपल्यातल्याच कुणाकुणाची चूल आणि चिता मिसळलेली आहे. पत्रलेखकांनी हे वॉकमध्ये ऐकले असते तर 'आम्हाला परके मानतात' हे वाक्य लिहिताना त्यांचा हात थोडा अडखळला असता.

एवढ्या खटाटोपाने बसवलेला अग्नी मग अखंड जपायचा असतो. दिवसाचे पाच गेह, म्हणजे प्रहर. प्रत्येक गेहला मोबेदाने, म्हणजे पारशी पुरोहिताने, बोईचा म्हणजे अग्नीला चंदन वाहण्याचा विधी करायचा, त्यातला एक मध्यरात्रीनंतर. तोंडाला पांढरे पदान (फडके) बांधून, कारण श्वाससुद्धा अग्नीला लागता कामा नये. वाईट विचार, वाईट शब्द, वाईट कृती यांना हाकलताना घंटा वाजते. ट्रॅफिक ओसरलेला असला तर गल्लीत ती अगदी बारीक ऐकू येते. दाराजवळच्या दुकानात सुखडाचे, म्हणजे चंदनाचे, तुकडे वजनावर मिळतात. आजीबाई पदराआडून पाकीट काढून तुकडा निवडतात, किमतीवरून घासाघीस करतात, मग आत नळावर हातपाय धुऊन कस्ती, म्हणजे कमरेचा पवित्र दोरा, बांधायला वळतात. तो तुकडाही त्या स्वतः अग्नीत घालत नाहीत. तो मोबेदाच्या हाती द्यायचा, आणि परतताना कपाळाला राख लावायची. गाभाऱ्यात जाण्याची मुभा साध्या पारश्यालाही नाही. म्हणजे तुमच्या-माझ्यासाठी जी रेघ दारावर आहे, तीच त्यांच्यासाठी आणखी चार पावले पुढे आहे.

यावर कुणी म्हणेल, याझ्दला कसे दाखवतात? तिथे पर्यटक काचेपलीकडचा अग्नी बघतात, हे खरे. ती १९३४ ची इमारत मुंबईच्या पारश्यांच्या देणग्यांवर उभी राहिली, हेही खरे. पण काच लावायची की नाही हे तिथल्या जरथुष्ट्रींनी ठरवले. इथल्यांनी उद्या ठरवले तर मी तिकीट काढून रांगेत पहिला. सरकारने हुकूम काढून ते ठरवणे ही वेगळी गोष्ट झाली.

दुसरा आक्षेप जास्त धारदार आहे आणि तो मराठी माणसाच्या तोंडी येणारच: मग काळारामाच्या सत्याग्रहाचे काय? १९३० साली नाशिकला दार उघडा म्हणणारे चुकले का? अजिबात नाही. पण तिथे दार बंद होते ते त्याच रामाला मानणाऱ्यांसाठी. ही तुलना पारश्यांना लावायचीच तर हेरिटेज वॉकवाल्यांना लावू नका, जातीबाहेर लग्न केलेल्या पारशी स्त्रियांना लावा. जेआरडी टाटांच्या फ्रेंच आईवरून उभ्या राहिलेल्या खटल्यात १९०८ मध्ये मुंबई उच्च न्यायालयाच्या न्या. दावर आणि न्या. बीमन यांनी पारशी बापाच्या मुलांना पारशी मानले. आईकडून येणाऱ्यांना ती वाट बंदच राहिली. मुलाने परधर्मातली मुलगी केली तर त्याला अग्यारीत कोणी हटकत नाही. मुलीने तेच केले तर अनेक ठिकाणी तिला आईबापांच्या अंत्यविधीतही बाजूला काढतात. वलसाडच्या एका महिलेने यावर दाद मागितली. २०१२ मध्ये गुजरात उच्च न्यायालयात ती हरली. २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयापुढे वलसाडच्या अंजुमनने, म्हणजे तिथल्या पारशी पंचायतीने, आईवडिलांच्या विधींना तिला येऊ देण्याचे मान्य केले. मूळ मुद्दा पुढे, २०१९ मध्ये, शबरीमला मंदिरप्रवेशाच्या खटल्याच्या सोबतीने मोठ्या पीठाकडे गेला. या भांडणात माझी सहानुभूती पूर्णपणे त्या बायकांकडे आहे. जन्मभर कस्ती बांधलेल्या बाईला तिच्याच अग्यारीत परकी ठरवणे मला अन्यायाचे वाटते. पण तो त्यांच्या घरातला हक्काचा प्रश्न आहे. आपल्या कुतूहलाची वर्णी त्याच्या मागून लावू नये.

आणि खरी अडचण दाराची नाहीच. १९४१ च्या जनगणनेत या देशात १,१४,८९० पारशी होते, २०११ मध्ये ५७,२६४ उरले. मध्यरात्रीच्या बोईला उठणारा मोबेद आणायचा कुठून? दादरला १९१९ पासून अथोर्नान मद्रेसा, म्हणजे मोबेद घडवणारी शाळा, आहे, तिथे मुलगे शिकतातही. पण त्यातला एखादा नावर होऊन, म्हणजे पौरोहित्याची दीक्षा घेऊन, पुढे बँकेत किंवा कॅनडात गेला तर त्याला दोष कोण देणार? भिक्षुकीवर घर चालत नाही हे आमच्याकडच्या गुरुजींनाही माहीत आहे. मेट्रो-३ चा बोगदा वाडिया आणि अंजुमनच्या आवारांखालून नेऊ नका म्हणून २०१८ मध्ये काही पारशी उच्च न्यायालयात गेले, तेव्हा 'सगळ्या शहराला वेठीस धरतात' असा सूर आमच्या चाळीच्या कट्ट्यावरही लागला होता. न्यायालयाने काम होऊ दिले, आता कफ परेडपर्यंत गाड्या धावतात. त्यावरून रस्त्यावर दंगा झाला नाही. एक काच फुटली नाही.

पत्रलेखकांना पारश्यांच्या पवित्र जागेत पाऊल टाकायचेच असेल तर एक जागा सांगतो. डहाणू तालुक्यात, बोर्डी-घोलवडच्या मागे बारडचा डोंगर आहे, त्यावर बहारोटच्या गुहा. गुजरातेतले संजाण, त्यांची पहिली वसाहत, शत्रूच्या हाती पडल्यावर पारश्यांनी आपला इराणशाह अग्नी या गुहांत आणून बारा वर्षे लपवला, अशी त्यांची परंपरा सांगते. तिथून तो वांसदा, नवसारी असा फिरत १७४२ मध्ये उदवाड्याला स्थिरावला. म्हणजे त्यांच्या सर्वांत जुन्या अग्नीचा बारा वर्षांचा वनवास महाराष्ट्राच्या मातीत झाला, आणि आपल्या शालेय पुस्तकात त्याची ओळही मी कधी वाचली नाही. तिथे कोणी जात-धर्म विचारत नाही. चढ दमवणारा आहे. वर गेल्यावर कातळातली गार अंधारी दालने, आणि भिंतीवर खिळ्याने कोरलेली प्रेमवीरांची नावे, वेफरची पाकिटे, कोपऱ्यात बाटल्या. पारशी भाविक तिथे जाऊन जशन, म्हणजे प्रार्थनेचा विधी, करतात. त्यांच्या देखत ही शोभा असते. खुल्या ठेवलेल्या पवित्र जागेचे आपण काय करतो, याचा हा नमुना बघितल्यावर प्रिन्सेस स्ट्रीटच्या दरवानाचा मला राग येत नाही.

दोन विनंत्या करून थांबतो. हेरिटेज वॉक काढणाऱ्यांनी पावतीवरच छापावे की अग्यारी बाहेरून दाखवली जाईल. माणकजी शेठ अग्यारीच्या दारातले पंख असलेले बैल फुटपाथवरूनही छान दिसतात. आणि पुरातत्त्व, वन किंवा जे कुठले खाते बहारोटला जबाबदार असेल त्याने सुट्टीच्या दिवसांपुरता तरी तिथे एक पहारेकरी नेमावा. आसपासच्या पाड्यांतली पोरे हे काम आनंदाने करतील, त्यांना रोजगारही मिळेल.

आपला नम्र,
एक वाचक, फणसवाडी, गिरगाव