बाबा, त्या डॅनिश स्टॉपरबद्दल

आरहूस, डेन्मार्क

ती. आई-बाबांस,
सा. न. वि. वि.

बाबा, मागच्या फोनवर तुम्ही विचारलंत, "हा तुमचा क्येर एवढा मोठा म्हणतेस, तर गोल किती मारले त्यानं?" मी सांगणार तेवढ्यात आईच्या बीपीचा विषय निघाला आणि ते राहूनच गेलं. डेन्मार्ककडून १३२ सामने आणि गोल पाच. गोलकीपर पीटर श्मायकेलचा १२९ सामन्यांचा विक्रम त्यानं मागं टाकला. सिमॉन क्येर स्टॉपर होता, म्हणजे बचावाच्या मधोमध खेळणारा बॅक, तुमच्याच जागेवरचा. म्हणून हे पत्र जरा लांबणार आहे. चष्मा लावून निवांत वाचा आणि आईलाही वाचून दाखवा, कारण यातला एक भाग तिच्यासाठी आहे.

तुम्ही नेहमी म्हणता की बॅकला कोण लक्षात ठेवतं. कोल्हापूरच्या शाहू स्टेडियममधून घरी परतताना लोकांच्या तोंडी गोल मारणाऱ्याचंच नाव असायचं. तुम्ही सगळा सामना ज्याला डोकं वर काढू दिलं नाही, त्या फॉरवर्डबद्दल कुणी चकार शब्द काढायचं नाही. लहानपणी मला त्याचा राग यायचा. म्हणून इथं एका बॅकला सगळा देश मान देतो हे पाहिलं, तेव्हा मी त्याची सगळी वाटचाल वाचून काढली.

क्येरचा जन्म १९८९ चा, आमच्यापासून अर्ध्या-पाऊण तासावरच्या हॉर्सन्स गावातला. मिडटयुलँड या क्लबनं २००४ साली मुलांसाठी अकादमी काढली, त्यात तो पंधराव्या वर्षी गेला. त्याचे वडील त्याच क्लबमध्ये कामाला होते, पोरगंही आलं. तिथल्या प्रशिक्षकांना एकदा विचारलं गेलं, यातली कुठली पाच पोरं सगळ्यात पुढं जातील ते कागदावर लिहा. एकाच्याही कागदावर क्येरचं नाव नव्हतं. हा किस्सा इथं फुटबॉलवाले अजून सांगतात, आणि सांगताना त्या प्रशिक्षकांना कुणी वेड्यात काढत नाही. पंधराव्या वर्षी स्टॉपर कसा ओळखणार? वेगवान पोरगं दिसतं, ड्रिबल करणारं दिसतं. पुढच्या दोन पासनंतर बॉल कुठं येणार हे ज्याला आधी कळतं, ते पोरगं नुसतं उभं असल्यासारखं वाटतं. बाबा, हे तुम्हीच मला गॅलरीत बसून शिकवलंत. बॉलकडं बघू नकोस, बॉलपासून लांब असलेल्या बॅककडं बघ, म्हणायचात.

एकोणिसाव्या वर्षी तो इटलीत पालेर्मोला गेला. इटली म्हणजे बचावाची शाळा. तिथं कोवळ्या परदेशी पोराला स्टॉपर म्हणून खेळवत नाहीत, पण हा खेळला आणि टिकला. त्याच्या दुसऱ्या सीझनला, २००९-१० मध्ये, पालेर्मो लीगमध्ये पाचवा आला. त्याच उन्हाळ्यात तो वर्ल्डकप खेळला आणि मग जर्मनीतल्या वोल्फ्सबुर्गनं मोठी रक्कम मोजून त्याला घेतलं.

इथून पुढची दोन-तीन वर्षं मला सगळ्यात महत्त्वाची वाटतात, आणि त्यांच्याबद्दलच कुणी बोलत नाही. वोल्फ्सबुर्ग त्या सीझनला जेमतेम वाचला, पंधरावा आला. क्लबनं त्याला एका वर्षासाठी रोमाकडं पाठवलं. ऑक्टोबर २०११ मध्ये रोमा आणि लाझिओचा सामना होता. एकाच शहरातले दोन संघ, त्यामुळं आपल्या दोन पेठांच्या फायनलला असते तशी इरेसरी. रोमा एक गोलनं पुढं होता. मध्यंतर झालं आणि थोड्याच वेळात क्येरनं पेनल्टी एरियात लाझिओच्या ब्रोक्कीला पाडलं. पेनल्टी आणि वर लाल कार्ड. बरोबरी झाली, रोमा दहा जणांवर आला आणि अगदी शेवटच्या क्षणी क्लोझंनं लाझिओला जिंकून दिलं. त्या शहरात असा दिवस विसरत नाहीत. फॉरवर्डनं दहा संधी घालवल्या आणि अकरावीला गोल केला तर दहा माफ होतात. स्टॉपरनं नव्वद मिनिटं अचूक खेळून एक पाय उशिरा टाकला की तो एकच पाय लोकांच्या लक्षात राहतो. तेविशीच्या आतल्या पोराला हे सोसायचं होतं.

वर्षानं तो वोल्फ्सबुर्गला परतला आणि २०१३ मध्ये फ्रान्सला, लीलकडं गेला, आधीच्या मानानं फारच कमी किमतीत. तिथं सूर जुळला. २०१३-१४ मध्ये लील तिसरा आला तो बचावाच्या जोरावर. मागं गोलकीपर एनयेआमा, पुढं क्येर आणि बाशा. एनयेआमानं त्या सीझनला हजारावर मिनिटं गोल होऊ दिला नव्हता. कागदावर ही कामगिरी गोलकीपरच्या नावावर आहे, पण एवढी मिनिटं गोल होत नाही तेव्हा पुढच्या दोघांनी काय काम केलं असेल ते तुम्हाला सांगायला नको.

मग इस्तंबूलचा फेनरबाचे, मग स्पेनचा सेव्हिया. यावर जास्त लिहीत नाही. दोन्हीकडं तो नेमानं खेळला. मला एकाच गोष्टीचं नवल वाटतं. डेन्मार्क, इटली, जर्मनी, फ्रान्स, तुर्कस्तान, स्पेन, सहा देशांतल्या लीग झाल्या. विंगरला भाषा आली नाही तरी चालून जातं. स्टॉपरला सामनाभर ओरडावं लागतं. लाइन वर काढ, मागं माणूस आहे, डावीकडं सरक, हे सगळं अर्ध्या सेकंदात आणि शेजारच्याला कळेल असं. गोलकीपर नवा, शेजारचा नवा, प्रत्येक देशात ऑफसाइडची लाइन धरायची पद्धत वेगळी. तरी तो जाईल तिथं थोड्या दिवसांत बचाव हाताळायला लागायचा. मी परक्या देशात नवीन नोकरीला लागले तेव्हा मीटिंगमध्ये तोंड उघडायला किती जड जायचं ते तुम्हाला माहीत आहे, म्हणून मला हे फार मोठं वाटतं.

तिशीत तो पुन्हा इटलीत आला, अटलांटाकडं. तिथं संधीच मिळेना. जानेवारी २०२० मध्ये मिलाननं त्याला तात्पुरतं घेतलं. त्याच्या आदल्याच महिन्यात अटलांटानं मिलानचा ५-० असा धुव्वा उडवला होता. म्हणजे ज्यांनी बाकावर बसवलं त्यांच्याकडून पाच गोल खाल्लेल्या संघाचा बचाव सावरायला हा गेला. आणि सावरला. मार्च २०२१ मध्ये मँचेस्टर युनायटेडच्या मैदानावर मिलान एक गोलनं मागं होता. बाण्णव मिनिटं झाली होती, कॉर्नर मिळाला आणि क्येरनं हेडर मारून बरोबरी केली. बाबा, हा गोल तुम्हाला दाखवायचा आहे. दादाला सांगते, टीव्हीवर लावून देईल.

आता आईसाठी.

१२ जून २०२१. कोपनहेगनला युरो स्पर्धेत डेन्मार्क आणि फिनलंडचा सामना. पहिला हाफ संपत आलेला. थ्रो-इनवरून बॉल ख्रिस्टियन एरिक्सनकडं आला आणि तो धक्काही न लागता पुढं कोसळला. आम्ही टीव्हीवर बघत होतो. क्येर धावत त्याच्याकडं गेला. डॉक्टर मॉर्टन बोएसन पोचले तेव्हा एरिक्सन कुशीवर होता, श्वास चालू होता, नाडी लागत होती. आणि मग एकाएकी नाडी गेली. लगेच छातीवर दाब द्यायला सुरुवात झाली आणि डिफिब्रिलेटरच्या, म्हणजे हृदयाला विजेचा झटका देणाऱ्या यंत्राच्या, एका शॉकवर तो परत आला. आई, तू कॅज्युअल्टीत इतकी वर्षं काढलीस, मिनिटांचा हिशेब मी तुला काय सांगणार. छाती दाबणं सुरू नसेल आणि यंत्र यायला उशीर झाला तर एकेक मिनिटाला वाचायची शक्यता सात ते दहा टक्क्यांनी घटते, हे तर तूच मला शिकवलंस.

तेवढ्या वेळात क्येरनं संघाला हाका मारून एरिक्सनभोवती कडं करायला लावलं. सगळे पाठ आत आणि तोंड बाहेर करून उभे, कॅमेऱ्याला काही दिसू नये म्हणून. पोरं ढसाढसा रडत होती. एक जण तर प्रार्थना करत असावा, ओठ हलत होते. एरिक्सनची जोडीदार मैदानाच्या कडेला आली, तर क्येर आणि गोलकीपर कास्पर श्मायकेल तिच्याकडं गेले, तिला धरून उभे राहिले. एरिक्सनला बाहेर नेताना आडोसा म्हणून फिनलंडचे झेंडे धरले होते. स्टेडियममध्ये फिनलंडचे लोक "ख्रिस्टियन" ओरडायचे आणि डेन्मार्कचे "एरिक्सन" म्हणून उत्तर द्यायचे. एरिक्सन शुद्धीवर आहे असं कळल्यावर त्याच रात्री सामना पुढं सुरू झाला. क्येर उतरला, पण साठ-पासष्ट मिनिटांच्या सुमाराला बाहेर आला. मन लागत नव्हतं. डेन्मार्क हरला, आणि इथं कुणी त्याबद्दल अवाक्षर काढलं नाही.

मला विचाराल तर तो त्या संध्याकाळी बॅकसारखाच वागला. धोका कुठं आहे, कोण उघडं पडलंय, कुणाला आड घ्यायचंय, हे त्याला इतरांच्या आधी दिसलं. पुढं क्येरला आणि त्या वैद्यकीय पथकाला युएफाच्या, म्हणजे युरोपच्या फुटबॉल संघटनेच्या, अध्यक्षांचा पुरस्कार मिळाला. बॅलन डी'ओर या वर्षातल्या सर्वोत्तम फुटबॉलपटूच्या पुरस्काराच्या यादीत तो त्या वर्षी अठरावा आला. एरिक्सन छातीत यंत्र बसवून पुन्हा खेळायला लागला आणि पुढं क्येरचा १३२ सामन्यांचा विक्रम त्यानंच मोडला. हे वाचलं तेव्हा मला इतका आनंद झाला होता!

बाबा, त्याच स्पर्धेच्या सेमीफायनलबद्दल तुमचं मत मला हवंय. वेम्बली, समोर इंग्लंड. डेन्मार्क १-० पुढं. एकोणचाळिसाव्या मिनिटाला उजव्या बगलेतून इंग्लंडच्या साकानं जमिनीलगत बॉल गोलच्या तोंडाशी टाकला. स्टर्लिंग टपलेला. क्येरनं पाय घातला आणि बॉल त्याला लागून आपल्याच गोलमध्ये गेला. नावावर स्वयंगोल लागला. मी तो तुकडा पुन्हा पुन्हा बघितला. पाय घातला नसता तर स्टर्लिंगला नुसता स्पर्श पुरे होता. घातला तर दहातून दोनदा बॉल बाहेर तरी जातो. माझ्या मते तिथं पाय घालणं हेच बरोबर, आणि रोमातल्या त्या दिवसानंतरही दहा वर्षांनी त्यानं पाय मागं घेतला नाही, याचं मला कौतुक वाटतं. तुम्ही काय केलं असतंत? जादा वेळेत इंग्लंडच्या केनची पेनल्टी अडवली गेली, पण परत आलेल्या बॉलवर त्यानं गोल केला आणि डेन्मार्क बाहेर पडला.

त्याच वर्षी डिसेंबरमध्ये जेनोआविरुद्ध खेळताना त्याचा गुडघा गेला. लिगामेंट. तुमच्यासारखंच, पण याचं ऑपरेशन झालं आणि परत उभा राहिला. तुमच्या वेळी तसं ऑपरेशन आपल्या आवाक्यात नव्हतं, हे मला नेहमी टोचतं. मिलाननं अकरा वर्षांनी लीग जिंकली ती मे २०२२ मध्ये, आणि हा तेव्हा दुखापतीमुळं बाहेर होता. पण सीझनच्या पहिल्या टप्प्यात बचाव त्यानं धरला होता, म्हणून ते जेतेपद त्याचंही आहे असं मी मानते. २०२४ ला त्यानं मिलान सोडलं आणि जानेवारी २०२५ मध्ये निवृत्ती जाहीर केली.

आता माझं तुमच्याकडचं काम. डेन्मार्कमध्ये २००५ पासून शाळेत सीपीआर, म्हणजे हृदय बंद पडलेल्याची छाती दाबून त्याला जगवायचं तंत्र, शिकवतात आणि २००६ पासून ते शिकल्याशिवाय गाडीचं लायसन्स मिळत नाही. डिफिब्रिलेटर तर दुकानाबाहेर, जिमबाहेर भिंतीला लावलेले दिसतात. आपल्याकडं सीझन एप्रिल-मेच्या उन्हातही चालतो, पोरं जीव तोडून पळतात, गॅलरीत तुमच्या वयाची माणसं तासन् तास बसतात. बाबा, तालमीच्या फुटबॉल संघातली पोरं तुमचं ऐकतात. सीझन सुरू व्हायच्या आधी मीटिंगमध्ये हा विषय काढा. आमच्या संघापुरता एक डिफिब्रिलेटर घ्यायचा, तो सामन्याला बाकाशेजारी ठेवायचा, आणि प्रत्येक सामन्याला ते वापरता येणारे निदान दोघे हजर असायचे. पैशाचं मी बघते, इथं आणखी दोघं कोल्हापूरचे आहेत, तेही देणार आहेत.

आई, शिकवायचं तू. एका रविवारी सकाळी तालमीत जाऊन पोरांना छाती कुठं, किती खोल, किती वेगानं दाबायची ते करून दाखव. तुझा हात दुखतो माहीत आहे, तेव्हा दाबायला पोरांनाच लाव, तू नुसतं मोजत उभी राहा. शिकवायचा पुतळा भाड्यानं मिळतो का ते दादा विचारेल. लाजायचं कारण नाही, पोरं तुला काकीच म्हणतात.

मीटिंग कधी ठरते ते कळवा. आणि बाबा, त्या स्वयंगोलाबद्दलचं उत्तर फोनवर नको, लिहून पाठवा.

तुमची लेक