काम शोधल्याचा पुरावा देऊ, पण त्यावर सही कोणाची?

मा. संपादक,
स. न. वि. वि.

बेकारीच्या काळात सरकारचे पैसे घेणाऱ्याने दर आठवड्याला काम शोधल्याचा पुरावा द्यावा, नाहीतर पैसे बंद करावेत, असे एका वाचकाचे पत्र आपल्याकडे छापून आले होते. अमेरिकेत असेच चालते, असे त्यांनी लिहिले होते. ते खरे आहे. आमच्या गल्लीतल्या मास्तरांचा मुलगा न्यूयॉर्कला असतो, त्याला मी फोनवर विचारून घेतले. तिथे आठवड्यातून निदान तीन वेळा काम शोधायची धडपड दाखवावी लागते. तारीख, कंपनी, कोणाशी आणि कसा संपर्क केला, हे सगळे लिहून ठेवायचे आणि मागतील तेव्हा दाखवायचे. हा नियम चुकीचा आहे असे माझे म्हणणे नाही. मी स्वतः तीन महिने अशीच वही ठेवली होती. त्या वहीत काय आहे ते सांगावे म्हणून हे पत्र.

मी पंचवीस वर्षे सोलापुरात टॉवेलच्या कारखान्यात काढली. आधी कांडी भरली, म्हणजे मागासाठी सूत गुंडाळले, मग माग चालवला. मणक्याचा त्रास सुरू झाल्यावर शेवटची नऊ वर्षे घडी-पॅकिंगला होतो. दिवाळीचा बोनस झाला आणि तिसऱ्या आठवड्यात मालकांनी आम्हा बावीस जणांना बोलावून सांगितले, ऑर्डर नाही, उद्यापासून येऊ नका. हातात कागद काही दिला नाही.

माझा विमा पगारातून कापला जात होता आणि तो भरलाही जात होता, एवढे माझे दैव बरे. कर्मचारी राज्य विमा महामंडळाची अटल बीमित व्यक्ती कल्याण योजना २०१८ पासून आहे. काम गेलेल्याला आयुष्यात एकदा, जास्तीत जास्त ९० दिवस पैसे मिळतात. आधी ते सरासरी रोजाच्या २५ टक्के होते, कोरोनाच्या वर्षी, २०२० मध्ये, ५० टक्के झाले. अट अशी की विम्याखाली दोन वर्षे नोकरी झालेली हवी. बेकार होण्याआधीच्या सहामाहीत ७८ दिवसांची वर्गणी हवी, आणि त्याआधीच्या तीन सहामाह्यांपैकी एकीत पुन्हा ७८ दिवसांची. बावीस जणांत अकरा जण या अटीत बसले. बाकीच्यांची हजेरी वर्षभर होती, वर्गणी मात्र तेवढ्या दिवसांची नव्हती. आणि मागावर मीटरवर, म्हणजे विणलेल्या कापडाच्या हिशेबाने मजुरी घेऊन, काम करणारे कितीतरी जण तर विम्याच्या यादीतच नसतात. पत्रलेखकांनी पुराव्याचे लिहिले, यांच्याबद्दल एक ओळ लिहिली असती तर बरे झाले असते.

माझ्याकडे कोणी पुरावा मागितला नव्हता. बारावीतली मुलगी म्हणाली, बाबा, रोज कुठे जाता ते लिहीत जा. म्हणून लिहिले. पहिल्या आठवड्यातली नोंद तशीच उतरवतो:

"सोमवार. अक्कलकोट रोड एमआयडीसी, सात गेट. चार ठिकाणी वॉचमननेच परत पाठवले. एका ठिकाणी जॉबर (मागांवरचा मुकादम) बाहेर आला, वय विचारले. सेहेचाळीस म्हटल्यावर, बघू, सांगतो म्हणाला. फोन नंबर घेतला नाही. शुक्रवार. चिंचोळी एमआयडीसी. जाऊन-येऊन ८० रुपये. गेटवर हेल्पर पाहिजेची पाटी. आत गेल्यावर, वय ३५ पर्यंतच."

अशा त्रेपन्न नोंदी आहेत. त्यात एकाही कारखान्याने अर्ज लिहून घेतलेला नाही. यंत्रमागाच्या धंद्यात काम अर्जावर लागत नाही, ओळखीवर लागते. साखर पेठेत कोणाचा माग बदली कामगारावाचून बंद आहे, हे अशोक चौकातल्या चहाच्या गाड्यावर आधी कळते. याचा पुरावा कसा द्यायचा? एकदा मी एका वॉचमनला वहीत सही मागून पाहिली. साठीचा माणूस, बिचारा चांगला होता, मला पाणी दिले. पण म्हणाला, "दादा, मी सही केली आणि उद्या मालकाने विचारले तर माझीच नोकरी जाईल." त्यानंतर मी कोणाला सही मागितली नाही.

संक्रांतीला गड्ड्याच्या यात्रेत होम मैदानावर एका ओळखीच्याने खेळण्यांच्या दुकानावर उभे राहायला बोलावले. दिवसाला ४०० रुपये आणि जेवण. मी गेलो नाही. पंधरा दिवस काम केले म्हणून पुढचे पैसे अडकले तर काय, ही भीती होती. चार जणांना विचारले, कोणी नीट सांगेना. मास्तरांचा मुलगा म्हणाला, तिकडे आठवड्यात किती तास फुटकळ काम केले ते कळवावे लागते आणि त्या हिशेबाने त्या आठवड्याचे पैसे कमी होतात. असा साधा हिशेब आपल्याकडे मराठीत लिहून विमा कार्यालयाच्या खिडकीवर लावला असता तर माझे सहा हजार रुपये बुडाले नसते.

सगळ्यात मोठी गोष्ट म्हणजे वेळ. पहिले पैसे हातात पडले तेव्हा काम सुटून साडेतीन महिने झाले होते. तोवर बसभाडे, चहा, झेरॉक्स, सगळे बायकोच्या विड्यांवर चालले. रात्री अकरापर्यंत ती पाने कापत बसायची आणि सकाळी त्यातलेच पन्नास-साठ रुपये मला गेटवर जायला द्यायची. काम शोधायला पैसा लागतो, आणि तो शोधत असतानाच लागतो.

पुराव्याची अट घालायची असेल तर घाला. पण गेटवर जाऊन विचारणे हेही काम शोधणेच धरा, आणि माणसाने स्वतःच्या हाताने लिहिलेली वही खरी माना. शंका आली तर त्या गेटवर जाऊन विचारा. पहिला हप्ता मात्र महिन्याच्या आत द्या.

सध्या मी एका गोदामात रात्रपाळीला आहे. आधी बारा हजार होते, आता साडेनऊ मिळतात. वहीतली ती चोपन्नावी नोंद: "मंगळवार. मेहुण्याच्या साडूचा फोन आला. उद्या रात्री आठला ये म्हणाला."

आपला,
एक घडी-पॅकिंग कामगार, सोलापूर
(नाव व पत्ता संपादकांकडे दिला आहे.)