मंत्रिमहोदय, थिएटर देणार होतात ना?

मा. मंत्रिमहोदय,
सप्रेम नमस्कार.

जळगावच्या कार्यक्रमात तुम्ही माईकवरून म्हणालात, "खान्देशच्या पोरांनी सिनेमे काढावेत, थिएटर मी मिळवून देतो." टाळ्या वाजवणाऱ्यांत मीही होतो. या शुक्रवारी माझा सिनेमा लागला. वेळ मिळाली सकाळी पावणेदहाची!

तेव्हा आमचा प्रेक्षक शेतात असतो, रावेर-यावलकडे केळीचे घड उतरवत असतो. तरी पारोळ्याहून माझी मावशी बायकांना घेऊन एसटीने आली. खिडकीवरचा पोरगा म्हणाला, "दहा तिकिटं झाल्याशिवाय शो लावत नाही." मावशी त्याला आमच्या अहिराणी बोलीत म्हणाली, "इतल्या दूरथीन उनूत, आते काय माघारे जावानं?" कमी पडलेली तिकिटं मी काढली. रविवारी सिनेमा उतरवला. माझ्या पोस्टरवर हिंदी सिनेमाचं पोस्टर डकवलं, खाली माझ्या नटाचे नुसते पाय उरले.

२०१५ साली सरकारनेच ठरवलं होतं ना, मल्टिप्लेक्समध्ये मराठी सिनेमा दुपारी १२ ते रात्री ९ मध्ये लागेल? मग पावणेदहा कुठून आलं? कोणी तपासलं?

आणि अनुदानाचं मला सांगू नका. 'अ' दर्जाला ४० लाख, 'ब' ला ३०, हे वर्षानुवर्षं ऐकतोय. पण ते कधी? सिनेमा पुरा झाल्यावर, सेन्सॉर झाल्यावर, समितीने पाहिल्यावर. तोवर व्याज कोण भरणार? मी वडिलांचं शेत गहाण टाकलंय. तिकिटाचा जवळपास निम्मा पैसा थिएटरवाल्याचा, डिजिटल प्रिंटचं भाडं वेगळं. वडील विचारत नाहीत, पण आता बांधावरही जात नाहीत. आईच्या पाटल्या सोनाराकडे आहेत, ते त्यांना अजून माहीत नाही.

चित्रनगरी गोरेगावला, चित्रनगरी कोल्हापूरला. तापीकाठी काय आहे? २०२४ मध्ये अमळनेरला साहित्य संमेलन झालं, त्याच वर्षी मराठीला अभिजात दर्जा मिळाला. इकडे आलेला प्रत्येक पुढारी भाषणात बहिणाबाई म्हणतो. पण पडद्यावरचं माणूस अहिराणी बोललं की वितरक म्हणतो, पुण्या-मुंबईत चालणार नाही. अहो, मी तो जळगाव, धुळे, नंदुरबारसाठीच काढलाय! मुंबईला विचारून आम्ही आमच्या घरात बोलायचं का? मतं मागायला येता तेव्हा हीच बोली चालते तुम्हाला.

तिन्ही जिल्ह्यांच्या गावी एक आठवडा संध्याकाळचा शो द्या आणि अनुदानाचा पहिला हप्ता शूटिंगआधी द्या. पुन्हा स्टेजवरून बोलू नका, लेखी कळवा.

आपला,
एक स्वतंत्र दिग्दर्शक-निर्माता, पारोळा