२२४ डब्यांतून परत आलेला सिनेमा

संपादक महोदय,
स.न.वि.वि.

गेल्या रविवारच्या पुरवणीत जगातल्या ग्रेट सिनेमांवरचा लेख वाचला, त्यात फ्रेंच दिग्दर्शक ज्याँ रेन्वारच्या ‘ला रेग्ल द्यू ज्यू’चं (म्हणजे ‘खेळाचे नियम’) नाव बघून बरं वाटलं, पण हा सिनेमा आज आपल्याला बघायला मिळतो तो कुणामुळे याबद्दल एक अक्षर नाही, म्हणून लिहितोय.

जुलै १९३९ ला पॅरिसमध्ये लागला तेव्हा लोक भयंकर चिडले. एका प्रेक्षकाने तर पेपर पेटवून थिएटरलाच आग लावायचा प्रयत्न केला असं रेन्वारने स्वतः सांगितलंय. मग कापाकापी, तरी चालला नाही, काही महिन्यांत सरकारची बंदी आली, आणि १९४२ च्या बॉम्बहल्ल्यात लॅबमध्ये ठेवलेली ओरिजिनल निगेटिव्हही गेली.

त्यातला शिकारीचा सीन ज्याने पाहिलाय त्याला कळेल काय गेलं होतं ते. फ्रान्समधल्या सोलोन्यच्या रानात पांढरे कोट घातलेले हाकारे झाडांवर काठ्या आपटत पुढे येतात, ससे आणि फेझंट पक्षी जीव घेऊन पळतात आणि समोर श्रीमंत पाहुणे बंदुका धरून तयार. चार मिनिटांपेक्षा कमी वेळात पन्नासेक शॉट्स, त्यात मरणारी जनावरं खरी आहेत, शेवटी एक ससा पाय आखडून घेतो ते बघवत नाही. पुढे सिनेमात एक माणूस असाच गोळी लागून पडतो तेव्हा हा ससा आठवतोच, म्हणजे हा सीन नसता तर शेवटालाही काही अर्थ उरला नसता असं माझं ठाम मत आहे.

१९५६ मध्ये ज्याँ गाबोरी आणि जाक मारेशाल या दोघांनी हक्क घेतले आणि शोधाशोध सुरू केली, बॉम्ब पडलेल्या त्या लॅबचे २२४ डबे मिळाले, त्यात प्रिंटचे तुकडे, साउंड, काय काय. रेन्वारचा सल्ला घेत जोडत बसले आणि १९५९ ला व्हेनिसच्या फिल्म फेस्टिव्हलला १०६ मिनिटांचा सिनेमा दाखवला, म्हणजे रिलीजच्या वेळी लोकांनी पाहिला त्याहूनही मोठा! रेन्वारच्या मते फक्त एक छोटा सीन मिळाला नाही.

आपल्याकडे पहिल्या बोलपटाची, ‘आलम आरा’ची, एकही प्रिंट सापडलेली नाही, आणि कितीतरी जुनी रिळं त्यांतली चांदी काढून भंगारात गेली. पुण्यात १९६४ पासून फिल्म अर्काइव्ह आहे, ते उभं करणाऱ्या पी. के. नायरसाहेबांनी आयुष्य घातलं त्यात. पण जुन्या टॉकीजच्या, वितरकांच्या गोडाऊनमध्ये अजून डबे पडलेले असू शकतात. नायट्रेटची, म्हणजे त्या काळी वापरायचे ती फिल्म फार पटकन पेट घेते आणि जुनी झाली की चिकट होऊन शेवटी तिची पूड होते, त्यामुळे घरच्या घरी उघडून बघू नका, अर्काइव्हला कळवा, असं आवाहन तुम्ही पेपरात ठळक चौकटीत छापावं ही विनंती, आणि शक्य असेल तर गावोगावच्या तुमच्या वार्ताहरांनाही विचारपूस करायला सांगा.

आपला,
एक वाचक, पुणे