वॉर्सा ‘डुप्लिकेट’ आहे म्हणून सोडू नका

मा. संपादक,
स.न.वि.वि.

मागच्या रविवारच्या पुरवणीत पूर्व युरोपच्या सहलीवरचा लेख वाचला. प्राग, व्हिएन्ना, बुडापेस्ट, सगळं छान लिहिलंय, फोटो पण झकास. पण पोलंडच्या राजधानीला, वॉर्साला मात्र एका ओळीत उडवून लावलंय, की तिथलं जुनं शहर जुनं नाहीच, युद्धानंतर बांधलेली नक्कल आहे, वेळ कमी असेल तर सोडलं तरी चालेल. हे वाचून राहवलं नाही म्हणून लिहितेय. नक्कल आहे हे खरंय आणि तिथे कुणी ते लपवत पण नाही, गाइड पहिल्या पाच मिनिटांतच सांगून टाकतो. पण बघायला जायचं ते त्याच्यासाठीच की हो!

माझा मुलगा तिकडे आयटीत आहे. यंदाच्या उन्हाळ्यात आम्ही दोघं त्याच्याकडे गेलो होतो. त्याने पहिल्याच आठवड्यात बजावलं, आई, बसमधून शहर बघू नका, गाइडबरोबर चालत फिरा, आणि आम्हाला एका वॉकिंग टूरला सोडून तो ऑफिसला गेला. या टूरची पद्धत अशी की तिकीट नाही, ठरलेल्या वेळी चौकात जायचं, छत्री घेऊन गाइड उभा असतो, दोन-अडीच तास तो बोलत बोलत फिरवतो आणि शेवटी ज्याला जे वाटेल ते त्याच्या हातावर ठेवायचं. फुकट म्हणतात पण फुकट नाही बरं का, त्या पोरांचं पोट त्याच्यावरच असतं. आम्ही माणशी पन्नास झ्लोटी दिले म्हणजे आपले हजारावर रुपये, आणि वसूल झाले. आमच्या यांना आधी वाटत होतं की इंग्रजी कळणार नाही, पण तो मुलगा सावकाश बोलायचा, आणि त्याचं इंग्रजी पण आपल्यासारखंच शिकलेलं, त्यामुळे उलट सोपं गेलं.

सुरुवात कॅसल स्क्वेअरमधल्या झिग्मुंट राजाच्या खांबापासून. राजधानी क्राकूव्हहून वॉर्साला आणली ती या राजाने, आणि त्याच्या मुलाने १६४४ मध्ये हा खांब उभारून वर बापाचा पुतळा बसवला. सगळे मान वर करून फोटो काढत होते तेवढ्यात गाइड म्हणाला आता माझ्यामागे या, आणि राजवाड्याच्या भिंतीकडे घेऊन गेला. तिथे गवतावर दोन भलेमोठे दगडी खांब आडवे पडलेत. एक मूळचा, लालसर, तो खराब झाला म्हणून एकोणिसाव्या शतकात बदलला. दुसरा तो बदललेला, ग्रॅनाइटचा, जो सप्टेंबर १९४४ मध्ये जर्मनांनी पाडला. आत्ता चौकात उभा आहे तो तिसरा, १९४९ चा. पुतळा मात्र तोच, पडला, मोडला, दुरुस्त करून परत वर चढवला. आता याला खरा म्हणायचं का खोटा? मी त्या पडलेल्या खांबावर हात फिरवून बघितला, तुटल्या जागी दगड अजून खरखरीत लागतो. गाइड नसता तर आम्ही त्याला बांधकामाचं उरलेलं सामान समजून पुढे गेलो असतो, आमच्यासमोर कितीतरी जण गेलेच.

शेजारचा रॉयल कॅसल म्हणजे राजवाडा, तो अख्खाच नवीन आहे. १७ सप्टेंबर १९३९ ला त्याच्यावर तोफगोळे पडले, आग लागली, मनोऱ्यावरचं घड्याळ सव्वाअकराला बंद पडलं. मग जर्मनांनी भिंतींना सुरुंगासाठी भोकं पाडून ठेवली आणि पाच वर्षांनी, १९४४ मध्ये तो खरोखर उडवला. मधल्या काळात म्युझियमच्या लोकांनी जीव धोक्यात घालून चित्रं, नक्षीकामाचे तुकडे, दाराच्या चौकटी, जे हाताला लागेल ते बाहेर काढून लपवलं. युद्धानंतर कम्युनिस्ट सरकारने जुनं शहर पटकन बांधलं पण राजाचा वाडा कशाला म्हणून तो तसाच ठेवला, परवानगी मिळाली ती थेट १९७१ मध्ये. आणि मग लोकांनी वर्गणी काढली! अगदी गणपतीच्या वर्गणीसारखी, चौकात पेटी ठेवून, परदेशातल्या पोलिश लोकांनी पण पाठवली. जे तुकडे वाचवले होते ते नव्या भिंतीत जिथल्या तिथे बसवलेत. घड्याळ १९७४ मध्ये परत चालू केलं ते पण सव्वाअकरालाच. रोज सव्वाअकराला मनोऱ्यावरून तुतारी वाजवतात, तेव्हा जाणार असाल तर सकाळची टूर घ्या.

एवढं सगळं पाडलं का, हे कळल्याशिवाय पुढच्या गल्ल्यांना अर्थच राहत नाही, म्हणून गाइडने कॅथेड्रलच्या आधी सगळ्यांना सावलीत उभं करून ते सांगितलं. १ ऑगस्ट १९४४ ला संध्याकाळी पाच वाजता शहरातल्या भूमिगत सैन्याने जर्मनांविरुद्ध उठाव केला. रशियन फौजा नदीच्या पलीकडे येऊन ठेपल्या होत्या, चार दिवसांत येतील असा हिशोब होता. त्या आल्या नाहीत. उठाव ६३ दिवस चालला, दीड ते दोन लाख सामान्य माणसं मेली. शरणागतीनंतर जर्मनांनी उरलेल्यांना शहराबाहेर काढलं आणि मग रिकामं शहर ठरवून, घर घर घेऊन जाळलं, उडवलं, लढाई संपलेली असताना! जानेवारी १९४५ पर्यंत शहराचा ८५ टक्क्यांच्या आसपास भाग गेलेला होता. अजूनही दर वर्षी १ ऑगस्टला पाच वाजता भोंगे वाजतात आणि रस्त्यातली माणसं, गाड्या जागच्या जागी थांबतात. उठाव करायला हवा होता की नको यावर तिकडे अजून घरोघरी भांडणं होतात असं तो म्हणाला, त्याच्या स्वतःच्या दोन आज्यांचं मरेपर्यंत यावर एकमत नव्हतं. हे मला फार आवडलं, शौर्य शौर्य म्हणून छाती बडवली नाही आणि कुणाला मूर्ख पण ठरवलं नाही.

कॅथेड्रलच्या बाजूच्या बोळात एक गोष्ट आहे ती नक्की बघा. भिंतीत लोखंडी पट्टा बसवलाय, रणगाड्याला असतो तसा साखळीचा. जर्मन लोक गोलिएथ नावाची छोटी, माणूस नसलेली, स्फोटकं भरलेली गाडी वायरवरून चालवत भिंतीपर्यंत न्यायचे आणि उडवायचे, त्या गाडीचा हा पट्टा असं पाटी सांगते, जाणकार मात्र तो बोर्गवर्ड नावाच्या तशाच पण मोठ्या गाडीचा मानतात. ही पाटी खालीच आहे पण ती पोलिशमध्ये, त्यामुळे कुणी सांगितल्याशिवाय आपल्याला कळणं शक्य नाही.

मग मार्केट स्क्वेअर. पिवळी, गुलाबी, हिरवी उंच अरुंद घरं, मधे तलवार उगारलेली जलपरी, बाजूला कॅफे आणि अंबरचे दागिने विकणारी दुकानं (भाव विचारून गप्प बसलो). ही घरं परत कशी बांधली त्याची कथा तुमच्या लेखात एका ओळीने तरी यायला हवी होती. १७७० च्या दशकात बेलोत्तो नावाचा इटालियन चित्रकार इथल्या राजाच्या दरबारी होता, त्याने वॉर्साचे रस्ते आणि इमारती बारीकसारीक तपशिलासकट रंगवून ठेवल्या, ती चित्रं आज राजवाड्याच्या एका दालनात लावलीत. ती वापरली. पण नुसत्या चित्रावर घर बांधता येत नाही ना, मापं लागतात, ती होती आर्किटेक्चरच्या विद्यार्थ्यांनी आणि प्राध्यापकांनी युद्धाआधी घेतलेली आणि युद्ध चालू असताना चोरून पूर्ण केलेली. उठावानंतर ती ड्रॉइंग शहराबाहेर नेऊन एका मठात लपवली. म्हणजे डोक्यावर मरण असताना ही पोरं खिडक्यांची मापं काढत होती, कारण शहर पडणार आणि परत बांधावं लागणार हे त्यांनी धरूनच ठेवलं होतं. १९५३ मध्ये हा चौक परत उभा राहिला, १९८० मध्ये युनेस्कोने जागतिक वारशात घेतला, आणि घेतला तो जुना म्हणून नाही, परत बांधण्याचं काम कसं केलं त्यासाठीच.

आता सगळं गोड आहे असंही नाही. घरांचा दर्शनी भाग अठराव्या शतकातला आणि आत १९५० ची साधी फ्लॅटवजा खुराडी, असा मामला आहे. ढिगाऱ्यातल्या विटा वापरल्याच, पण कमी पडल्या म्हणून व्रोत्सवाफसारख्या शहरातली पडकी घरं उतरवून तिथल्या विटा गाड्या भरभरून आणल्या, त्याचा राग तिकडच्या लोकांच्या मनात आहे. हे पण गाइडनेच सांगितलं, आम्ही विचारलं नव्हतं. वॉर्साच्या मधोमध स्टालिनने भेट दिलेला २३७ मीटर उंच पॅलेस ऑफ कल्चर आहे, १९५५ चा. त्याच्या गच्चीवरून शहर सगळ्यात सुंदर दिसतं कारण तिथून तेवढा तो दिसत नाही, हा तिथला जुना जोक, तो पण ऐकवला.

आम्ही चौकात असतानाच आपल्या इकडचा एक मोठा ग्रुप आला, टोप्या-झेंडे सगळं, टूर मॅनेजर ओरडत होता वीस मिनिटं, वीस मिनिटं, फोटो काढा आणि बसकडे चला, जेवण तयार आहे. मी एका काकूंना विचारलं कसं वाटलं, तर म्हणाल्या छान आहे पण प्रागसारखंच आहे. त्यांची काही चूक नाही. त्यांना कुणी सांगितलंच नव्हतं की त्या उभ्या आहेत तिथे आपल्या आजीच्या लग्नाच्या सुमाराला फक्त विटांचे ढीग होते. लाखो रुपये भरून माणूस एवढ्या लांब जातो, त्यात एक लोकल गाइड दोन तास द्यायला काय हरकत आहे? पनीर मिळालं नाही तर तक्रार करतो आपण, गाइड मिळाला नाही तर करत नाही.

ज्यूंच्या घेट्टोचा, म्हणजे जर्मनांनी भिंत घालून ज्यूंना कोंडलेल्या वस्तीचा भाग या टूरमध्ये येत नाही, त्याची टूर वेगळी असते आणि ती वेगळ्याच दिवशी घ्या, एका दिवसात दोन्ही झेपत नाही, पायांना पण आणि मनाला पण. तिथे जुनं जवळजवळ काहीच उरलेलं नाही. फुटपाथवर लोखंडी पट्ट्या बसवून भिंत कुठून गेली होती ते दाखवलंय, १९४० ते १९४३ असे आकडे घातलेत, त्याच्यावरून लोक भाजी घेऊन घरी जातात. आत कोंडलेल्या लोकांपैकी काहींनी रोजचं जगणं लिहून, पत्रकं, रेशनची कुपनं, शाळेतल्या पोरांचे निबंध गोळा करून पत्र्याच्या डब्यांत आणि दुधाच्या कॅनमध्ये भरून जमिनीत पुरलं होतं, त्यातलं काही १९४६ मध्ये आणि काही १९५० मध्ये सापडलं. एक कॅन तिथल्या म्युझियममध्ये ठेवलाय. एवढंच लिहिते, बाकी पत्रात मावणारं नाही.

थोडं कामाचं. रस्ते सगळे गोट्यांचे, दगडी, चप्पल-सँडल नको, बूट घाला. गुडघ्याचा त्रास असला तरी जमतं, चढ फार नाहीत आणि गाइड थांबत थांबत जातो. भूक लागली तर मिल्क बार शोधा, कम्युनिस्ट काळातल्या स्वस्त खानावळी आहेत, बटाटा आणि चीजचे पियेरोगी (उकडलेल्या करंज्यांसारखे) शाकाहारी असतात, वर कांदा टाकतात त्यात कधी कधी डुकराच्या चरबीचे तुकडे असतात तेवढं विचारून घ्या.

आणि शेवटचं, हे पत्र लिहिण्याचं खरं कारण. टूर संपल्यावर गाइडने विचारलं कुठून आलात, यांनी सांगितलं कोल्हापूर. तर तो जामनगरच्या जामसाहेबांबद्दल बोलायला लागला, पोलिश पोरांना आसरा दिला म्हणून वॉर्सात त्यांच्या नावाचा चौक आहे ते त्याला माहिती. पण कोल्हापूर त्याला माहिती नव्हतं. मग आमचे हे सुरू झाले! रशियाने सैबेरियात पाठवलेले पोलिश लोक सुटून इराणमार्गे आले, त्यातले पाच हजारांच्या आसपास, बहुतेक बायका-मुलं, १९४३ ते १९४८ आपल्या कोल्हापूरजवळच्या वळिवड्याच्या छावणीत राहिले, शाळा, चर्च, दुकानं सगळं होतं. पुढे फाळणीनंतर तिथेच सिंधी लोक आले आणि त्याचं गांधीनगर झालं, जिथे आपण आज लग्नाच्या कपड्यांची खरेदी करतो. सासूबाईंच्या तोंडात ‘पोलंडची माणसं’ कायम असायची. तो मुलगा वहीत लिहून घ्यायला लागला, आता तो आमचा श्रोता आणि हे गाइड!

वॉर्सात या छावणीचा स्मृतिफलक आहे. तुमच्या लेखात त्याचा उल्लेख नाही याचं जास्त वाईट वाटलं, कारण तुमच्या पेपरची कोल्हापूर आवृत्ती निघते. जुन्या शहरापासून चालत पंधरा-वीस मिनिटांवर, क्रासिन्स्की बागेजवळ, आंदेर्स रस्त्यावर इटलीतल्या मोंते कासिनोच्या लढाईचं मोठं स्मारक आहे, त्याला लागूनच हा फलक, २०१७ मध्ये बसवलेला. वळिवड्यात राहिलेल्या कितीतरी बायकांचे नवरे आणि भाऊ या आंदेर्स नावाच्या पोलिश सेनापतीच्याच सैन्यात इटलीत लढत होते, म्हणून तो तिथे. इटलीत तेव्हा आपल्या मराठा पलटणी पण होत्या, यशवंत घाडगे तिथेच १९४४ मध्ये पडले आणि त्यांना व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. फलकावर कोल्हापूरचं नाव आहे, आमच्या टूरच्या रूटवर मात्र तो नव्हता. पुढच्या पुरवणीत निदान एवढा पत्ता चौकटीत छापा, आणि जमलं तर गांधीनगरात छावणीचं आज काय उरलंय ते तुमचा बातमीदार पाठवून बघून घ्या, तिकडून नातवंडं शोधत येतात तेव्हा त्यांना दाखवायला कुणीतरी लागेल.

आपली,
एक नियमित वाचक, राजारामपुरी, कोल्हापूर