शालूला, फार उशिराने

प्रिय शालू,

जय भीम! (तू चिडवायला आमचा ख्रिस्ती ‘सलाम’ घालायच्या आत मीच तुझा ‘जय भीम’ घालून टाकते.)

सात महिने पत्र नाही, कबूल. गुडघा तसाच, साखर ताब्यात.

इथे अटलांटात ब्लॅक चर्चच्या, म्हणजे कृष्णवर्णीयांच्या चर्चच्या, संडे स्कूलचा मोठ्या मुलांचा वर्ग माझ्या गळ्यात पडलाय. मागच्या रविवारी बायबलातलं पौलाचं इफिसकरांस पत्र, सहावा अध्याय. दासांनो, आपल्या धन्यांच्या आज्ञेत राहा. मी घाईने पुढे सरकणार तोच पंधरा वर्षांची एक पोरगी च्युइंगगम चघळत म्हणाली, “आमच्या खापरपणज्यांना हे कोण वाचून दाखवायचं?”

आणि मी काय म्हणाले असेन? “त्या काळाचा संदर्भ बघावा लागतो.” हॉस्टेलवर तू माझ्या धर्मावरून विचारलंस तेव्हा तुला दिलं होतं तेच उत्तर, शब्दन् शब्द! तेव्हा मी तीन आठवडे तुझ्याशी अबोला धरला होता. माझी शेंगदाण्याची चटणी मात्र त्याच तीन आठवड्यांत तू संपवलीस, ते मी विसरलेले नाही.

वर्ग सुटल्यावर कॉफी ओतणाऱ्या म्हातारीने विचारलं, “हॉवर्ड थर्मनची आजी ठाऊक आहे ना?” मी मान डोलावली. थर्मन म्हणजे इथला कृष्णवर्णीय पाळक आणि लेखक. घरी येऊन वाचत बसले.

त्याची आजी गुलामीत जन्मलेली, निरक्षर. नातू तिला बायबल वाचून दाखवायचा. पण पौलाची पत्रं वाचू द्यायची नाही. फार तर करिंथकरांस पहिल्या पत्राचा तेरावा अध्याय, प्रीतीचा. कॉलेजात गेल्यावर त्याने धीर करून कारण विचारलं. तर मालकाचा गोरा पाळक गुलामांपुढे पौलाचं हेच वचन काढून उपदेश करायचा. बाईने ठरवलं होतं, सुटका झाली आणि वाचता आलं, तरी हा भाग वाचायचा नाही. अक्षरओळख नसलेली बाई बायबल चाळणीने चाळते, शालू!

आमच्याच जॉर्जिया राज्यात 1833 मध्ये चार्ल्स जोन्स नावाच्या पाळकाने पौलाच्याच फिलेमोनाच्या पत्रावरून ‘पळून जाऊ नका’ असा उपदेश केला, तर निम्मे गुलाम उठून चालते झाले. आपल्याकडे उपदेश कितीही लांबो, पुलाव गार होतोय म्हणून चुळबुळ तेवढी.

हाच थर्मन 1936 मध्ये बार्डोलीला गांधींना भेटला. वाकडं केलंस ना तोंड? त्याआधी कोलंबोत एकाने त्याला तुझाच प्रश्न विचारला होता: ज्यांनी तुम्हाला गुलाम केलं त्यांचा धर्म घेऊन इथे कशाला आलात? त्यावर विचार करकरून 1949 मध्ये त्याने पुस्तक लिहिलं, ‘जीझस अँड द डिसइनहेरिटेड’. मी अबोला धरला.

खरं सांगू? त्या पोरीला मी उत्तर देतच नव्हते. माझ्या आजीची बाजू लढवत होते. विहिरीवर तिच्या ओंजळीत वरून पाणी ओतायचे, आणि मिशनच्या शाळेत पहिल्यांदा कुणी तिच्या हातात पाटी दिली. तिचं बायबल आठवतं ना तुला, मेणकापडात गुंडाळलेलं, रोज कपाळाला लावायची? ते चाळायचं कसं गं? आणि नाही चाळलं तर या पोरांपुढे उभी कुठल्या तोंडाने राहू? थर्मनच्या आजीची गोष्ट सांगायची म्हटलं तर दुसरा प्रश्न येणार: “आणि तुमची आजी?”

राहुलला नोकरी लागली का? सुनेला कितवा महिना? वरच्या खोलीची गळती थांबली असेल आता.

माझ्या शनिवारी रात्री साडेनऊला तुझ्याकडे रविवारचे सकाळचे सात वाजतात. फोन कर. दहाच्या आत कर, मग गोळीने झोप येते.

तुझीच,
मेरी